मालाड स्टेशन: समुद्राचं स्टेशन, पण समुद्राकडे पाठ

पोस्ट मोठी आहे, आधीच सांगतो. बोरिवली स्लोमध्ये बसायला जागा मिळाली असेल तर तिथेच वाचून काढा, नाहीतर सेव्ह करून ठेवा. मालाडकरांसाठी लिहिलीय, आणि रविवारी मालाडला उतरून मार्वे-अक्साला जाणाऱ्यांसाठी तर जास्तच.

मे महिन्यातल्या एका रविवारी सकाळी मी मालाड पश्चिमेला, पुलाच्या पायऱ्या संपतात तिथे उभा होतो. तीन पोरं आली. पंधरा-सोळा वर्षांची असतील. एकाच्या हातात फुटबॉल, दुसऱ्याच्या पाठीवर बॅग, तिसऱ्याच्या खांद्यावर टॉवेल. एकाने विचारलं, "काका, बीचला कुठल्या साईडने जायचं?"

मी सांगितलं, "अक्साला २७१, मार्वेला २७२. भरती बघून पाण्यात उतरा रे."

"हो काका," म्हणाले आणि पळाले. भरती कुठे बघायची, हे त्यांनी विचारलं नाही. विचारलं असतं तर मलाही सांगता आलं नसतं. मी आजूबाजूला बघितलं. इंडिकेटरवर चर्चगेटची गाडी किती मिनिटांत, विरारची किती मिनिटांत, सगळं होतं. दादरला जाणाऱ्याला सेकंदाचा हिशोब मिळतो. समुद्राकडे जाणाऱ्याला मात्र अनोळखी काकाला विचारावं लागतं.

हे माझ्या डोक्यात बसायला एक जुनं कारण आहे.

पत्रकारितेचा डिप्लोमा करून मी एका छोट्या साप्ताहिकात लागलो, तेव्हाची गोष्ट. वीसेक वर्षं झाली. पावसाळ्यातला रविवार होता, संपादकांचा निरोप आला की अक्साला कोणीतरी बुडालंय, जाऊन ये. मी पोचलो तेव्हा मुलगा बाहेर काढलेला होता. पंचनामा चालू होता. हवालदाराने मुलाच्या खिशातलं पाकीट उघडलं आणि आतले कागद एकेक करून फळीवर वाळत ठेवले. त्यात रेल्वेचं तिकीट होतं. हार्बरवरच्या एका स्टेशनपासून मालाडपर्यंत. रिटर्न.

बातमी मी चार ओळींत लिहिली. ते तिकीट बातमीत नव्हतं. पण नंतर दर पावसाळ्यात अक्साची तशीच बातमी आली की मला ते तिकीट आठवतं. कारण बुडणारी पोरं बहुतेक वेळा अक्साची नसतात, मढची नसतात, मार्वेची तर नसतातच. समुद्र ज्यांच्या दारात आहे त्यांना तो कधी खेळू देतो आणि कधी ओढून नेतो हे माहीत असतं. बुडतात ती रेल्वेने येणारी. म्हणजे आपल्या स्टेशनवरून जाणारी.

मग मी या स्टेशनचा इतिहास वाचायला लागलो. प्रश्न एकच होता. ज्या स्टेशनवरून इतकी माणसं समुद्राकडे जातात, ते स्टेशन समुद्राकडे बघतच नाही, असं का?

*

सुरुवात कापसापासून होते.

बॉम्बे बडोदा अँड सेंट्रल इंडिया रेल्वे, म्हणजे आपली बीबीसीआय, ही कंपनी १८५५ ची. हिचं काम गुजरातकडून सुरू झालं, मुंबईकडून नाही. कंपनीचा मुख्य माणूस होता कर्नल जे. पी. केनेडी. गुजरात आणि मध्य हिंदुस्थानातला कापूस मुंबई बंदरात आणणं हा रेल्वेचा हेतू. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिथला कापूस इंग्लंडला मिळेना, आणि आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. अशा दिवसांत, नोव्हेंबर १८६४ मध्ये, रूळ ग्रँट रोडला पोचले.

आता नकाशा डोळ्यासमोर आणा. वसईची खाडी ओलांडून साष्टी बेटावर आलं की पूर्वेला डोंगर, म्हणजे आजचं नॅशनल पार्क. पश्चिमेला मिठागरं, खाजण, तिवरं आणि त्यापलीकडे समुद्र. मधे कोरड्या जमिनीची एक पट्टी. त्या पट्टीवरून घोडबंदर रोड जायचा, ज्याला आज आपण एस. व्ही. रोड म्हणतो. रेल्वेने तीच पट्टी धरली. सरळ, कोरडी, खाड्या कमी, पूल कमी. कापूस लवकर पोचवायचा तर दुसरं काय करणार?

त्यामुळे रूळ समुद्राला समांतर गेले, पण समुद्रापासून लांब. मालाड स्टेशनपासून मार्वे साधारण सहा किलोमीटर, अक्सा आणखी पुढे, आणि मढची जेट्टी बारा-तेरा किलोमीटरवर. मधे मालाडची खाडी आणि खाजण. त्या काळी समुद्रावर सहलीला जाणारे प्रवासी कोणाच्या हिशोबात नव्हते. गंमत अशी की त्याच इंग्रजांनी स्वतःच्या देशात १८४१ मध्येच लंडनहून ब्रायटनपर्यंत रेल्वे नेली होती, आणि तिथे समुद्रावर जाणं हा कारकुनांचाही रविवारचा कार्यक्रम झाला होता. इथे मात्र समुद्र म्हणजे बंदर. बंदर म्हणजे फोर्ट. बाकी किनारा कोळ्यांचा.

*

१२ एप्रिल १८६७. आपल्या लाईनवरची पहिली लोकल. सकाळी विरारहून निघून बॅकबेला जायची आणि संध्याकाळी परत. दिवसातून एक फेरी. तिच्या थांब्यांची यादी बऱ्याच ठिकाणी छापलेली आहे. वसई, पाणजे, बोरिवली, पहाडी, अंधेरी, वांद्रे, माहीम, दादर, ग्रँट रोड अशी नावं त्यात येतात. पहाडी म्हणजे आजचं गोरेगाव.

मालाड त्यात नाही. मालाडला स्टेशन मिळालं ते पुढच्या वर्षी, १८६८ मध्ये.

मला यादीपेक्षा ते वेळापत्रक जास्त महत्त्वाचं वाटतं. सकाळी शहराकडे, संध्याकाळी घराकडे. दीडशे वर्षं होऊन गेली. गाड्या एकाच्या हजारावर गेल्या, वाफेची वीज झाली, डबे वाढत वाढत बारा आणि पंधरा झाले. पण स्टेशनची समजूत तीच राहिली. उपनगरी स्टेशन म्हणजे सकाळी माणूस दक्षिणेकडे ढकलायचा आणि संध्याकाळी परत घ्यायचा. स्टेशनच्या बाहेर, पश्चिमेला, माणूस पुढे कुठे जातो हा रेल्वेचा प्रश्न नाही.

रेल्वेला हे कळत नव्हतं असंही नाही. स्टेशन गावापासून लांब असेल तर नावापुढे 'रोड' लावायची पद्धत होती. आपल्याच लाईनवर पुढे जा. केळवे रोड, डहाणू रोड. कोकण रेल्वेवर सावंतवाडी रोड. 'रोड' म्हणजे काय, तर बाबा रे, इथे उतर, गाव अजून पुढे आहे, रस्त्याने जा. केळव्याच्या किनाऱ्यावर जाणारा माणूस केळवे रोडला उतरतो तेव्हा निदान नावाने तरी त्याला सांगितलेलं असतं. त्या हिशोबाने आपल्या स्टेशनचं दुसरं नाव 'मार्वे रोड' असायला हरकत नव्हती. स्टेशनबाहेर पश्चिमेला जो रस्ता समुद्राकडे निघतो त्याचं नावही तेच आहे.

*

त्या रस्त्याच्या टोकाला काय आहे? नवीन मालाडकरांसाठी थोडं सांगतो, कारण टॉवरमध्ये राहायला आलेल्या बऱ्याच जणांना मालाड म्हणजे इनऑर्बिट आणि लिंक रोड एवढंच वाटतं.

स्टेशनवरून निघालात की ऑर्लेम, मग मीठ चौकी. नावातच सगळं आलं, मिठाची चौकी. पुढे खारोडी, मालवणी, मार्वे. मार्वेच्या पलीकडे खाडी ओलांडली की मनोरी आणि गोराई. मार्वेच्या अलीकडून डावीकडे वळलात की आयएनएस हमला हे नौदलाचं केंद्र, मग अक्सा, एरंगळ, भाटी, आणि शेवटी मढ.

मढचा किल्ला पोर्तुगीजांचा. १७३९ मध्ये चिमाजी अप्पांच्या वसई मोहिमेच्या वेळी तो मराठ्यांनी घेतला. आज तो हवाई दलाच्या ताब्यात आहे, त्यामुळे बाहेरूनच बघायचा. एरंगळचं सेंट बोनाव्हेंचर चर्च १५७५ चं, अगदी वाळूला लागून. म्हणजे मालाडला स्टेशन झालं तेव्हा या चर्चला जवळपास तीनशे वर्षं झाली होती. किनारा स्टेशनच्या आधीचा आहे, खूप आधीचा. कोळी, भंडारी, ईस्ट इंडियन, वारली, ही सगळी माणसं रुळांच्या आधीची.

आणि एरंगळची जत्रा. जानेवारीतला दुसरा रविवार. ख्रिश्चन येतात, हिंदू येतात, वसईपासून कुलाब्यापर्यंतची माणसं येतात. त्या दिवशी मालाड स्टेशनबाहेर बेस्टच्या जादा बसेस लागतात, वर्सोव्याहून होड्या भरभरून येतात, पोलीस रांगा लावतात. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. वर्षातला एक दिवस मालाड स्टेशन पश्चिमेकडे तोंड करतं, आणि ते व्यवस्थित जमतंही.

*

मालाडने शहराला माणसांबरोबर दगडही दिला.

फोर्टातल्या म्युझियमची इमारत बघितलीय ना? छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय, जुनं प्रिन्स ऑफ वेल्स. वास्तुकार जॉर्ज विटेट. त्या इमारतीत कुर्ल्याचा करडा दगड आहे आणि फिकट पिवळसर दिसतो तो मालाडचा. 'मालाड स्टोन' या नावानेच तो ओळखला जातो. पूर्वेला आजही क्वारी रोड आहे, तिथून जाताना कोणाला वाटत नाही की इथे खाणी होत्या.

त्याच विटेटने गेटवे ऑफ इंडिया बांधलं. ४ डिसेंबर १९२४ ला ते खुलं झालं. त्याचा पिवळसर दगड खारोडीचा. होय, आपली खारोडी, मार्वे रोडवरची. जगभरातले पर्यटक मुंबईत समुद्र बघायला जिथे जातात, त्या दरवाजाचा दगड मालाडच्या समुद्राच्या वाटेवरचा आहे. तिथे गेटवेसमोर होड्यांचे धक्के, तिकीट खिडक्या, वेळापत्रकं. आणि दगड ज्या वाटेवरून गेला त्या वाटेवर पोरं काकांना विचारतायत, बीच कुठल्या साईडला.

*

५ जानेवारी १९२८ ला कुलाबा ते बोरिवली विजेवरची लोकल सुरू झाली आणि मालाड एकदम शहराच्या जवळ आलं. हवा चांगली, जमीन स्वस्त, गाडी विजेची. याच मालाडमध्ये १९३४ साली हिमांशू राय आणि देविका राणी यांनी बॉम्बे टॉकीज उभी केली. स्टेशनपासून चालत जाण्यासारखी. जर्मनीहून दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन आणि कॅमेरामन योझेफ विर्शिंग आले. अशोक कुमार इथे आधी लॅबमध्ये काम करत होते, हिरो नंतर झाले.

मला यातली एक गोष्ट फार आवडते. बॉम्बे टॉकीजचा पहिला सिनेमा 'जवानी की हवा', १९३५ चा. त्यात रेल्वेच्या डब्यात खून होतो. पुढच्या वर्षी 'अछूत कन्या'. त्यातली नायिका रेल्वे फाटकवाल्याची मुलगी, आणि शेवट रुळांवर. स्टुडिओ मालाडला, समुद्र हाकेवर, आणि सिनेमात मात्र रेल्वे! त्या काळच्या मालाडमध्ये रेल्वे हीच सगळ्यात नवलाची गोष्ट असणार. आज उलटं झालंय. बॉम्बे टॉकीजच्या जागेवर छोट्या कारखान्यांचे गाळे आहेत आणि शूटिंगवाले मढच्या बंगल्यांकडे जातात. तेही गाडीने, आपल्या स्टेशनला वळसा घालून.

*

१९५७ मध्ये मालाड मुंबई महापालिकेत आलं. त्याआधी आपण कागदोपत्री मुंबईचे नव्हतोच. नंतर मालवणी वाढली. शहरातल्या झोपड्या हटवल्या की माणसं मालवणीत, असं कित्येक वर्षं चाललं. म्हणजे ज्या रस्त्यावर आधी कोळणी, पाव विकणारे आणि रविवारचे हवापाण्याला येणारे होते, त्याच रस्त्यावर लाखभर नोकरदार, कामगार, घरकामाला जाणाऱ्या बायका आल्या. रस्ता एकच, स्टेशनही एकच.

आम्ही कुरारचे. पूर्वेचे. लहानपणी वर्षातून दोनदा समुद्रावर जायचो. आई डब्यात चपात्या आणि बटाट्याची सुकी भाजी घ्यायची. पुलावरून पश्चिमेला उतरायचं, एम. एम. मिठाईवाल्याच्या समोरून जाताना वडील मुद्दाम भरभर चालायचे, आणि मग २७१ ची रांग. रांग लांब असायची, पण बस यायची. खिडकीतून खाजण दिसायला लागलं, वारा खारट झाला की आम्ही भावंडं उभीच राहायचो. १९८९ मध्ये एस्सेल वर्ल्ड सुरू झालं, मग शाळाशाळांच्या सहली मार्वेला येऊन बोटीत बसायला लागल्या. ते पार्क २०२२ मध्ये बंद झालं. मार्वे-मनोरीची बोट मात्र आहे, माणसं आणि स्कूटर एकत्र घेऊन जाणारी.

आज २७१ च्या रांगेत उभे राहून बघा. बेस्टच्या गाड्या कमी झाल्यात हे कोणाला सांगायला नको. रविवारी संध्याकाळी अक्साच्या स्टॉपवर भरलेली बस थांबत नाही. रिक्षावाला म्हणेल तो भाव. आणि या सगळ्यात ज्यांचं रोजचं काम आहे त्या भाटी-मढच्या बायका टोपली घेऊन उभ्या.

त्यातल्या एका मावशींशी माझी ओळख आहे. बरेच वर्षांची. एकदा मी त्यांना म्हटलं, "मावशी, स्टेशनला लिफ्ट झाली, सरकता जिना झाला, आता बरं झालं ना?"

त्या म्हणाल्या, "बाबा, माझी गाडी २७१. तिला कधी जिना लागला नाही, बस लागते. ती कुठे वाढली?"

मला यावर उत्तर सुचलं नाही. अजूनही सुचलेलं नाही.

*

आता पुढचं बघा. २०२४ मध्ये गोरेगाव ते कांदिवली सहावी मार्गिका झाली. त्यासाठी रात्र-रात्र ब्लॉक घेतले, मालाडला रूळ सरकवले, लोकांची उतरायची बाजू बदलली, आठवतंय ना तो गोंधळ? लिंक रोडवर मेट्रो २ए, हायवेवर मेट्रो ७, दोन्ही जानेवारी २०२३ मध्ये पूर्ण सुरू झाल्या. सगळ्या उत्तर-दक्षिण. १८६७ च्या त्या पहिल्या लोकलच्याच दिशेने. यात वाईट काही नाही, आपल्याला त्या हव्याच आहेत. पण पूर्वेहून पश्चिमेकडे, स्टेशनपासून समुद्राकडे, दीडशे वर्षांत एकही मोठी गोष्ट झाली नाही.

आता होणार आहे ती म्हणजे वर्सोवा-मढ पूल. महापालिकेचा प्रकल्प. आज वर्सोव्याहून मढला गाडीने जायचं तर मालाडला वळसा घालून साधारण बावीस किलोमीटर. होडीने पाच मिनिटं. पूल झाला की दोन किलोमीटर.

मी पुलाच्या विरोधात नाही. मढला रात्री-अपरात्री बाळंतपणाला अडलेली बाई आजही याच एका रस्त्याने आणावी लागते. तिथल्या माणसाला पूल का हवा, हे मालाडमध्ये पंख्याखाली बसून मी कशाला नाकारू? होड्यांच्या वाटेचं, जाळ्यांचं काय, हे कोळी बांधव विचारतायत, तेही ऐकलं पाहिजे. पण पत्रकार म्हणून मला एक गोष्ट स्पष्ट दिसते. पूल गाडीवाल्यांसाठी आहे. अंधेरी-जुहूहून कारने येणारा माणूस दहा मिनिटांत मढला पोचेल. रेल्वेने येणारा मुलगा, तीस-चाळीस रुपयांत समुद्र बघायला आलेला, तो मालाडलाच उतरणार. त्याच्यासाठी तोच पूल, त्याच पायऱ्या, तीच रांग. किनाऱ्यावर गर्दी वाढेल, आणि सगळं लक्ष पुलाकडे जाईल.

अक्साला आपण हे एकदा बघितलंय. मेरिटाइम बोर्डाने वाळूवर फिरायला भिंत-वजा रस्ता बांधला, प्रकरण हरित लवादापर्यंत गेलं. सुशोभीकरणाला पैसे निघतात. बसला निघत नाहीत. फलकाला तर नाहीतच.

*

म्हणून माझी मागणी मोठी नाही. मेट्रो नको, रोपवे नको. तीन गोष्टी.

पहिली: मालाड पश्चिमेला, पूल उतरतो तिथे, एक मोठा फलक. आजची भरती किती वाजता, ओहोटी किती वाजता. अक्सा, मार्वे, मढसाठी कुठली बस, शेवटची परतीची बस किती वाजता. पावसाळ्यात पाण्यात उतरू नका. मराठी आणि हिंदीत, वाचता येईल एवढ्या अक्षरात. महापालिका दर पावसाळ्याआधी साडेचार मीटरवरच्या भरतीच्या दिवसांची यादी काढतेच, आपण पेपरवाले ती छापतोच. ती स्टेशनच्या भिंतीवर लावायला काय लागतं? जीवरक्षक अक्साला असतात, जीव तोडून काम करतात. पण पोरगा वाळूवर पोचून उत्साहात आल्यावर शिट्टी ऐकत नाही. त्याला स्टेशनवरच, डोकं थंड असताना, सांगायला हवं. ओहोटीच्या वेळी अक्साचं पाणी आत खेचतं, हे दिवा-डोंबिवलीच्या मुलाला कसं माहीत असणार?

दुसरी: रविवारी आणि सुट्टीच्या दिवशी २७१ आणि २७२ ला जादा गाड्या, विशेषतः संध्याकाळी परतीच्या. एरंगळच्या जत्रेला जमतं, म्हणजे जमतं. तो एक दिवस वर्षातले साठ-सत्तर दिवस करायचा आहे, एवढंच.

तिसरी: टोपलीवाल्या बायकांसाठी बसमध्ये आणि स्टॉपवर जागा. लोकलमध्ये लगेजचा डबा असतो, कारण कधीतरी कोणीतरी मान्य केलं की टोपली घेऊन जाणारी बाई ही पण प्रवासीच आहे. मालाडच्या बसला हे अजून मान्य करायचंय.

रेल्वेकडे गेलात तर ते म्हणतील स्टेशनबाहेरचं आमचं नाही. महापालिका म्हणेल स्टेशनची भिंत रेल्वेची. बेस्ट म्हणेल गाड्या नाहीत. किनाऱ्याचा विषय काढला की मेरिटाइम बोर्डाचं नाव येईल. मला हे पाठ आहे, कारण यातलं प्रत्येक उत्तर मी वेगवेगळ्या बातम्यांसाठी वहीत लिहून घेतलेलं आहे. म्हणूनच ही पोस्ट त्यांच्यासाठी नाही, तुमच्यासाठी आहे. या चौघांना एका टेबलावर आणायचं तर ते काम नगरसेवक-आमदारांचं, आणि त्यांना ते करायला लावायचं काम आपलं. मी अर्जाचा मसुदा तयार करतोय. ज्यांना सही करायची आहे त्यांनी खाली 'सही' एवढंच लिहा, मी संपर्क करतो. रहिवासी संघ, मच्छीमार सोसायट्या, प्रवासी संघटनांची माणसं हे वाचत असतील तर जरूर कळवा.

आणि हो, तुमच्या घरात मार्वे-अक्साचे जुने फोटो, जुनी तिकिटं, बॉम्बे टॉकीजमध्ये काम केलेल्या आजोबांच्या आठवणी असतील तर त्याही टाका. मालाडचा इतिहास कोणी बाहेरचा येऊन लिहिणार नाही.

ती तीन पोरं मला नंतर दिसली नाहीत. संध्याकाळी मी मुद्दाम स्टेशनवरून गेलो होतो. दुसऱ्या दिवशी सकाळी पेपर आला तेव्हा पहिलं पान सोडून आधी आतल्या पानावर मालाडची बातमी शोधली.

नव्हती. मग चहा घेतला.